तुम्ही विचारलंत म्हणून: राउतावारा नक्की होता कोण?

‘ते सगळं ठीक आहे, पण हा माणूस नक्की होता कोण, खेळाडू, नट का गायक?’ हा प्रश्न मला इथल्या मराठी मंडळींनी, ऑफिसातल्या दोघाचौघांनी आणि पुण्याहून व्हिडिओ कॉलवर मावशीनं इतक्यांदा विचारलाय की म्हटलं एकदाच काय ते नीट लिहून टाकावं. हेलसिंकीच्या शेजारी राहायला आल्यापासून मला जुन्या काळ्यापांढऱ्या फिनिश सिनेमांचा नाद लागलाय आणि त्यातही तापियो राउतावारा या एका माणसाचा जरा जास्तच, त्यामुळे कुठेही विषय निघाला की मी सुरू होते आणि समोरचा पाच मिनिटांनी हाच प्रश्न विचारतो. त्यात त्याची काही चूक नाही. ऑलिंपिकचं गोल्ड मेडल, तिरंदाजीत वर्ल्ड चॅम्पियन, सिनेमात हिरो, रेकॉर्डिंग स्टार, शिवाय गाण्यांना चाली देणारा, हे सगळं एकाच माणसाबद्दल सांगितलं की ऐकणाऱ्याला वाटणारच की ही बाई दोनतीन माणसं एकात मिसळून सांगतेय.

माझं उत्तर ठरलेलं आहे आणि ते ऐकून फिनिश लोकसुद्धा भुवया उंचावतात. मी म्हणते, संगीतकार. मोजायला गेलात तर त्याच्या आयुष्यातला हाच भाग सगळ्यात लहान आहे, ठाऊक आहे मला. तोइवो कॅर्कीसारख्या फिनिश संगीतकारानं हजाराहून जास्त गाणी केली, त्यापुढे राउतावाराच्या स्वतःच्या चाली म्हणजे किस झाड की पत्ती. तरी माझं म्हणणं तेच आहे. का ते सांगते, पण त्यासाठी आधी बाकीचं सगळं सांगायला लागेल.

सुरुवात मेडलपासूनच करू, कारण आपल्याकडच्या लोकांना तिथूनच लवकर कळतं. लंडन, १९४८. युद्धानंतरचं पहिलं ऑलिंपिक, जर्मनी आणि जपानला बोलावलेलं नाही, इंग्लंडमध्ये अजून रेशनिंग चालू. फिनलंडमध्ये भालाफेकीला फार मान, १९२० आणि १९२४ ला योन्नी म्यूर्यानं आणि १९३२ ला मात्ती यार्विनेननं गोल्ड आणलेलं, त्यामुळे फिनिश भालाफेक्या म्हटल्यावर लोक आधीपासूनच अपेक्षेनं बघतात. त्यात हा ३३ वर्षांचा, उंचापुरा, युद्धात ऐन उमेदीची वर्षं गेलेला गडी ६९.७७ मीटर टाकतो आणि गोल्ड घेतो. दुसरा अमेरिकेचा सेमूर, त्याच्यापेक्षा दोन मीटरहून मागे. नीरजचे आकडे डोक्यात ठेवून हसू नका, तेव्हाचे भाले वेगळे, रनवे वेगळे, खाणंपिणंसुद्धा वेगळं. नीरजवरून आठवलं, हा प्रश्न मला सगळ्यात जास्त वेळा ज्या वर्षी आला ते २०२२, नीरज इथं फिनलंडमध्ये, तुर्कूला ८९.३० मीटर टाकून सिल्व्हर घेऊन गेला तेव्हा. इथल्या भारतीय लोकांत नुसती भालाफेकीचीच चर्चा, आणि मी मध्येच म्हणायचे की अहो इथला एक भालाफेक्या सिनेमात गाणी म्हणायचा, की झालं.

आणि त्याच लंडन ऑलिंपिकमध्ये आपले खाशाबा जाधवही होते. १९४८ ला फ्लायवेटमध्ये सहावे आले, आणि चार वर्षांनी याच हेलसिंकीत, तॉलो भागातल्या मेस्सुहाल्लीत, बँटमवेटमध्ये ब्राँझ. ती बिल्डिंग अजून आहे, आता तिथं लोक बॅडमिंटन वगैरे खेळायला जातात. इथं येणाऱ्या प्रत्येक मराठी पाहुण्याला मी तिथं नेते, आणि कराड-कोल्हापूरकडचा पाहुणा असेल तर तो दारातच उभा राहून एकदा हात जोडतो. म्हणजे लंडनला राउतावारा आणि खाशाबा एका गावात, एका स्पर्धेत होते. भेटले असतील का, तर मला वाटत नाही, पण मला हे जोडून ठेवायला आवडतं.

लंडनचा अजून एक किस्सा आहे जो पुढे लागणार आहे, म्हणून आत्ताच सांगून ठेवते. तेव्हा ऑलिंपिकमध्ये कलेच्याही स्पर्धा असायच्या, कविता, संगीत, चित्र, शिल्प, आणि १९४८ नंतर त्या बंदच झाल्या. तर त्या शेवटच्या वेळी कवितेचं गोल्ड मिळालं ‘आले त्यून्नी’ नावाच्या फिनिश बाईला. एकाच ऑलिंपिकमधून फिनलंडला भाल्याचंही गोल्ड आणि कवितेचंही. हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला वाटलं कोणीतरी थापा मारतंय.

बरं, आता माणूस. जन्म मार्च १९१५, तांपेरेजवळच्या पिर्कलात. वाढला हेलसिंकीच्या ओउलुन्क्युलात, आईनं एकटीनं वाढवलेला, पैशाची कायम तंगी, पोरवयापासून अंगमेहनतीची कामं. खेळायचा तोही कामगारांच्या क्लबमध्ये. हे महत्त्वाचं आहे कारण फिनलंडमध्ये १९१८ ला यादवी युद्ध झालं, लाल म्हणजे कामगारांची बाजू आणि पांढरे म्हणजे सरकारी, आणि त्यानंतर कित्येक वर्षं खेळसुद्धा दोन तुकड्यांत वाटलेला होता, कामगारांच्या संघटना वेगळ्या, बाकीच्यांच्या वेगळ्या. म्हणजे हा गोल्ड मेडलवाला कुठल्या बाजूचा हे लोकांना नावागावावरून कळायचं. आणि गंमत बघा, तोइवो कॅर्की, ज्याचं नाव मी वर घेतलं, तोही १९१५ चाच, तोही पिर्कलाचाच, पण पाद्र्याच्या घरातला. एकाच गावात एकाच वर्षी जन्मलेली ही दोन पोरं पुढे सिनेमाच्या गाण्यांत एकमेकांना भेटली.

युद्धात राउतावारा आघाडीवरच्या आउनुस रेडिओवर होता. सैनिकांसाठीचा रेडिओ, बातम्या, निरोप, गाणी. तिथं त्याचा तो खालचा, भरदार, अजिबात घाई नसलेला आवाज लोकांच्या कानात बसला. माझ्या मते त्याचं पुढचं सगळं करिअर त्या रेडिओतून निघालं, मेडलमधून नाही. मेडल नंतर आलं, आवाज आधी ओळखीचा झाला होता.

सिनेमात तो १९४५ लाच आला, ‘वाइन सिनुल्ले’ नावाच्या पिक्चरमधून, म्हणजे मेडलच्या तीन वर्षं आधी. हे बऱ्याच जणांना उलटं वाटतं, की खेळाडू प्रसिद्ध झाला म्हणून सिनेमात घेतला. तसं नाही. अर्थात मेडलनंतर भाव वधारला ते वेगळं.

आता तेव्हाचा फिनिश सिनेमा कसा होता ते समजल्याशिवाय पुढचं कळणार नाही. देशाची लोकसंख्या चाळीस लाखांच्या आसपास. युद्ध हरलेले, कारेलियाचा मोठा तुकडा सोव्हिएत युनियनला गेलेला, तिथले चार लाखांहून जास्त लोक घरंदारं सोडून इकडे आलेले, आणि वर तीस कोटी डॉलरची युद्धखंडणी, तीही जहाजं, मशिनरी, लाकूड अशा मालाच्या रूपात. ती फेडता फेडता १९५२ उजाडलं. उत्तरेत रोवानिएमी शहर जर्मनांनी जाताना जाळून टाकलेलं. युद्धाच्या काळात सार्वजनिक नाचगाण्याच्या कार्यक्रमांवर बंदी होती आणि ती पूर्ण उठायलासुद्धा १९४८ लागलं, म्हणजे तरुण पोरापोरींना शनिवारी रात्री करायचं काय हा खरोखरचा प्रश्न होता. टीव्ही नाही. उरला सिनेमा. आणि सिनेमा चालायचा धडाधड, दोनतीन स्टुडिओ, वर्षाला वीसेक पिक्चर, त्यातला सगळ्यात मोठा सुओमेन फिल्मितेओल्लिसुस, ज्याचा मालक टी. जे. सार्क्का स्वतः निर्माता, स्वतः दिग्दर्शक, आणि पैशाच्या बाबतीत एकदम मारवाडी डोक्याचा माणूस असं म्हणतात, म्हणजे मी म्हणते, त्याचे पिक्चर बघून. सेट तोच, झाडं तीच, नटही तेच. नट बहुतेक नाटकातले, त्यामुळे नाटकं बंद असतात तेव्हा, म्हणजे उन्हाळ्यात, शूटिंग. उन्हाळ्यात इकडे रात्री अकरालाही उजेड असतो, त्यामुळे लाइटचा खर्चही वाचायचा.

या कारखान्याला गाणं लागायचंच. कारण साधं आहे, गाण्याची रेकॉर्ड निघाली की पिक्चरची जाहिरात फुकट, आणि पिक्चर चालला की रेकॉर्ड खपते. त्यामुळे ज्याचा आवाज रेडिओवर ओळखीचा आहे आणि जो कॅमेऱ्यासमोर निदान उभा राहू शकतो तो माणूस सोन्याचा. राउतावारा तर नुसता उभा राहिला तरी फ्रेम भरायची. खांदे हे असे. मग त्याला नेहमीचे रोल, भटक्या, लाकूडतोड्या, खलाशी, भला पण थोडा वाईट संगतीचा माणूस. १९५२ चा ‘सालाकुल्येत्तायान लाउलु’, म्हणजे स्मगलरचं गाणं, त्यात तो मुख्य भूमिकेत आहे, आणि नावातच गाणं आहे म्हणजे निर्मात्याला काय विकायचं होतं ते कळलंच.

आता मावशीच्या प्रश्नाचं उत्तर. नट म्हणून कसा होता? मावशी, ठोकळा होता. खरं सांगायला काय जातंय. म्हणजे वाईट नव्हता, प्रामाणिक होता, कॅमेऱ्याला तोंड लपवायचा नाही, पण संवाद म्हणताना एक एक वाक्य असं ठेवायचा की जणू पोतं खाली ठेवतोय. दोन नाटकी नटांच्या मध्ये उभा असला की तर जास्तच दिसतं. पण मग गाणं सुरू होतं, आणि तोच माणूस, तेच खांदे, तोच चेहरा, फार काही हालचाल नाही, पण एकदम तुम्ही त्याचं सगळं खरं मानायला लागता. मी ओटीटीवरचे चकाचक पिक्चर अर्ध्यात बंद करणारी बाई, पण याच्या रद्दी पिक्चरमध्येही गाणं येईपर्यंत बसते. सिनेमानं त्याचा आवाज वापरला, उंची वापरली, पण त्याच्यात जे खरं होतं त्याचं काय करायचं हे कोणाही दिग्दर्शकाला कळलं नाही असं माझं स्पष्ट मत आहे.

इथं रेइनो हेलिस्मा येतो आणि तो आल्याशिवाय ही गोष्ट पुढे जात नाही. छापखान्यात खिळे जुळवणारा माणूस, बारीक, चष्म्यावाला, शब्दांचा राजा. हजारो गाणी लिहिली, सिनेमांच्या पटकथा लिहिल्या, स्वतः चाली दिल्या, स्वतः स्टेजवर गायला, पडद्यावरही आला. युद्धानंतर राउतावारा आणि तो मिळून गावोगाव कार्यक्रम करत फिरले. गिटार, दोन माणसं, आणि गावातल्या कामगार भवनात किंवा तरुण मंडळाच्या हॉलमध्ये गच्च बसलेली माणसं. आपल्याकडे जत्रेच्या हंगामात कनात लावून बसणाऱ्या फडांसारखंच हे, फक्त थंडी उणे वीस. या दौऱ्यांतूनच गाणी घडली, कारण समोरचा माणूस कुठे हसतो आणि कुठे गप्प होतो ते रोज रात्री दिसायचं.

१९४९ ला ‘रेइस्सुमिएस या किस्सा’ आलं, वाटसरू आणि मांजर. शब्द हेलिस्माचे, चाल राउतावाराची. एक भटक्या माणूस, रस्ता, आणि वाटेत भेटलेलं एक मांजर, बस इतकंच. कोणी ग्रेट प्रेम नाही, देशभक्ती नाही, काही नाही. आणि देशानं ते डोक्यावर घेतलं. मी त्याचा अर्थ असा लावते, आणि हा माझा अर्थ आहे हं, की त्या वर्षांत निम्मा देश कुठून तरी कुठेतरी निघालेला होता. कारेलियातून आलेले, घर बांधायला निघालेले, काम शोधत फिरणारे, युद्धातून परत आलेले पण घरी न पोचलेले. त्यांना सैनिकाचं गाणं आता नको होतं. रस्त्यावरच्या माणसाचं हवं होतं, आणि त्याच्याबरोबर एखादा जीव असला तर बरं, मग मांजर का असेना. चालही तशीच आहे, चालणाऱ्या माणसाच्या पावलाची. कोणी शिकलेल्या संगीतकारानं तिथं चार हरकती घातल्या असत्या, मागे व्हायोलिन लावली असती. यानं काहीच केलं नाही. त्याच्या आवाजाला जिथपर्यंत सहज जाता येतं तिथपर्यंतच चाल जाते.

(आणि इथल्या कुठल्याही सुपरमार्केटमध्ये गेलात तर रेइस्सुमिएस नावाचा राईचा ब्रेडही मिळतो. छान असतो, बटर आणि काकडी लावून खा.)

त्याच वर्षी त्यानं हेलिस्माचंच ‘पॅइवॅनसॅदे या मेन्निन्कॅइनेन’ गायलं, ज्यात सूर्याचा शेवटचा किरण आणि अंधारात राहणारं लोककथांतलं एक बुटकं वनभूत एकमेकांना भेटतात आणि अर्थातच जमत नाही. त्याचे शब्दही हेलिस्माचे आणि चालही हेलिस्माची. इथल्या लग्नात, मयताला, शाळेच्या कार्यक्रमात, सगळीकडे हे गाणं असतं. सुंदर आहे, वादच नाही. पण तुम्ही दोन्ही लागोपाठ ऐका. हेलिस्माची चाल हुशार आहे, तिला माहिती आहे की आपण सुंदर आहोत. राउतावाराच्या चालीला स्वतःबद्दल काहीच माहिती नाही. मला दुसरी जास्त आवडते, आता आवडते तर आवडते.

मधल्या काळात सिनेमात वेगळंच वादळ उठलं. १९५१ ला ‘रोवानिएमेन मार्क्किनोइल्ला’ आला, लॅपलँडमध्ये सोनं शोधणाऱ्या लोकांची धमाल, हेलिस्माची कथा, हेलिस्मा स्वतः पडद्यावर, बरोबर योर्मा इकॅवाल्को आणि अकॉर्डियनवाला एसा पाकारिनेन. त्यातल्या गाण्यात ‘रिल्लुमारेइ’ असं एक टाळ्या घ्यायचं निरर्थक पालुपद होतं, आणि तेच पुढे या सगळ्या प्रकारच्या सिनेमाचं नाव पडलं. पेपरातल्या समीक्षकांनी झोडपझोडप झोडपलं. अडाणी, खालच्या दर्जाचं, देशाची लाज. आणि थिएटरं फुल. पाकारिनेनला मग पेक्का पूपॅ मिळाला, जुन्या चित्रमालिकेतलं पात्र, लांबडा पेक्का आणि बुटका पॅट्कॅ, मासा निएमीबरोबर १९५३ ते १९६० मध्ये १३ पिक्चर, आणि घरी लाटणं घेऊन उभी असलेली बायको युस्तीना म्हणजे सीरी आंगेर्कोस्की. ते पिक्चर मी माझ्या सासूबाईंना लावून दिले होते, एक अक्षर भाषा कळत नसताना त्या तासभर हसल्या आणि युस्तीनाचं काहीच चुकत नाही असा निकालही दिला.

आता यात राउतावारा कुठे बसतो? धड इकडे नाही, धड तिकडे नाही. मित्र सगळे रिल्लुमारेइवाले, गाणी लिहिणारा तोच हेलिस्मा, प्रेक्षक तेच. त्यामुळे वरच्या वर्गातले लोक त्यालाही त्याच टोपलीत टाकायचे. पण विदूषकी त्याला जमणारी नव्हती, तो स्वभावच नव्हता. पाकारिनेन दात काढून ठेवून बोबडं बोलायचा आणि लोक लोळायचे, हा तसं करूच शकला नसता. एक गोष्ट मात्र मला या भांडणात फार बोचते. १९५० च्या दशकातला फिनलंड स्वतःला नवा, स्वच्छ, मॉडर्न दाखवायच्या घाईत होता, १९५२ चं ऑलिंपिक, त्याच वर्षी आर्मी कूसेला मिस युनिव्हर्स, कोकाकोलाही तेव्हाच आला. अशा वेळी पडद्यावर लाकूडतोडे आणि दारुडे भटके नाचताना दिसले की शिकलेल्यांना मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. आणि जे लाकूड तोडत होते, ज्यांच्या घामातून ती खंडणी फिटत होती, ते तिकीट काढून तेच बघत होते. कोणाला कशाची लाज वाटावी हे ज्यानं त्यानं ठरवावं.

आणि याच १९५२ मध्ये राउतावारानं जे केलं ते माझ्या उत्तराचं खरं कारण आहे. ‘सिनिनेन उनी’, निळी झोप. अंगाई.

शब्द पी. मुस्तापॅ यांचे. हे टोपणनाव, खरा माणूस मार्ती हाविओ, लोकसाहित्याचा मोठा अभ्यासक, प्रोफेसर, फिनिश विद्वत्तेतलं एकदम वजनदार नाव. म्हणजे ज्या वर्गातले लोक रिल्लुमारेइला नाकं मुरडत होते त्याच वर्गातला माणूस. (आणि याच हाविओंनी पुढे १९६० मध्ये लग्न केलं ते आले त्यून्नीशी, लंडनला कवितेचं गोल्ड मिळवणाऱ्या त्याच बाई. आता कळलं का वर का सांगून ठेवलं होतं.) त्यांच्या कवितेला चाल कोणी दिली, तर कामगार वस्तीतल्या, भालाफेक्या, पिक्चरमध्ये स्मगलर होणाऱ्या माणसानं.

कविता अशी की रोज रात्री दिवा मालवला की झोपेचा माणूस, नुक्कुमात्ती, उठतो, दारावर हळूच टकटक करतो, आत येतो आणि कपाटामागे लपतो. त्याच्या सपाता झोपेच्या, टोपी झोपेची, कमरेचा पट्टा निळा, आणि तो बारक्या दातांनी झोपेच्या आइस्क्रीमचा तुकडा कुरतडतोय. आणि त्याची एक निळी गाडी आहे जी घुर्र घुर्र करते आणि निळ्या देशाकडे निघते. माझ्या लेकीनं हे डे-केअरमधून घरी आणलं. तीन वर्षांची होती, मराठीपेक्षा फिनिश आधी सुटायला लागलेलं, आणि ती त्या गाडीचा आवाज ओठ हलवून काढायची, थुंकी उडायची सगळीकडे, आणि मग एकदम आवाज खाली आणायची. एवढी खाली की मला वाटलं हिचा घसा बसलाय. मग मूळ रेकॉर्ड ऐकली तेव्हा कळलं, ती राउतावाराची नक्कल करत होती. तोही तिथं तसाच आवाज खाली नेतो.

मला जे धरलं ते हेच. अंगाई म्हटलं की आपल्या डोक्यात आईचा आवाज, वरचा, मऊ. इथं एक दांडगा बाप्या खर्जात गातोय. मोठ्या माणसाचा आवाज लहान मुलासाठी बारीक न करता तसाच ठेवलाय, फक्त हळू केलाय, आणि आइस्क्रीमच्या तुकड्याला आणि घुर्र करणाऱ्या गाडीला तो तितक्याच गंभीरपणे घेतो जितक्या गंभीरपणे दुसरा कोणी देशाचं राष्ट्रगीत घेईल. हसत नाही. मुलाला चिडवत नाही. हे चालीत आहे, नुसतं गाण्यात नाही, कारण दुसऱ्या कोणी गायलं तरी ते तसंच राहतं, मी ऐकलंय, कोरसमध्ये ऐकलंय, रॉकवाल्यांनी म्हटलेलं ऐकलंय, माझ्या बेसूर नवऱ्यानं म्हटलेलं तर रोज ऐकलंय. पोरं झोपतात.

विचार करा, १९५२ ला ज्या घरांत ही रेकॉर्ड वाजली असेल तिथले बाप कोण होते? युद्धातून आलेले. इथल्या म्हाताऱ्या शेजारणी सांगतात की आमचे वडील बोलायचेच नाहीत. काही बाप रात्री ओरडून उठायचे. अशा घरात रेडिओवर त्यांच्यातलाच एक, आघाडीवरच्या रेडिओतला तोच ओळखीचा आवाज, लहान मुलाला कसं झोपवायचं ते करून दाखवतोय. हे माझं वाचन आहे, कुठल्या पुस्तकात नाही, पण त्या शेजारणींना सांगितलं तेव्हा त्यातली एक बराच वेळ काही बोलली नाही आणि मग म्हणाली, कॉफी घे अजून.

म्हणून मी म्हणते संगीतकार. पिक्चर दुसऱ्यांचे, रोल दुसऱ्यांनी शिवलेले, गायलेली बरीचशी गाणी कॅर्कीची, हेलिस्माची, आणखी कोणाकोणाची, आणि ती त्यानं मस्तच गायली. पण जिथं तो स्वतः काय होता ते ऐकू येतं ते या थोड्याशा चालींमध्ये.

बाकीचं भरभर सांगते. १९४६ ला, म्हणजे लंडनच्याही आधी, युरोपियन स्पर्धेत भाल्याचं ब्राँझ. पुढे धनुष्यबाण हातात घेतला, आणि १९५८ ला ब्रसेल्सला फिनलंडच्या टीमबरोबर वर्ल्ड चॅम्पियन. साठच्या दशकात तो स्टुडिओवाला सिनेमाच कोसळला, टीव्ही आला, नटांचा लांबलचक संप झाला, आणि १९६५ ला सार्क्काच्या कंपनीचं दिवाळं निघालं. त्याच वर्षाच्या जानेवारीत हेलिस्मा गेला, पन्नाशी नुकती ओलांडलेली. राउतावारा गात राहिला, गावोगाव, रॉक आला तरी, डिस्को आला तरी. सप्टेंबर १९७९ मध्ये हेलसिंकीजवळ तिक्कुरिलाच्या स्विमिंग हॉलमध्ये घसरून पडला, डोक्याला मार लागला आणि त्यातच गेला. ६४ वर्षांचा होता. लंडनची भालाफेक, युद्ध, ते सगळे बर्फातले रस्ते, आणि शेवटी ओली फरशी. मला यावर अजूनही राग येतो, कोणावर ते मला माहिती नाही.

पुढचा प्रश्नही ठरलेला असतो, कुठून सुरुवात करू? १९९९ चा ‘कुल्कुरी या योउत्सेन’ आहे, तिमो कोइवुसालोचा, राउतावारा आणि हेलिस्माच्या दोस्तीवर, इथं जोरात चालला होता. बघा, पण आधी नको, त्यात सगळं जरा गुळगुळीत करून ठेवलंय आणि मार्ती सुओसालोचा हेलिस्मा एवढा भारी झालाय की राउतावारा मागे पडतो. फिनिश दिग्दर्शक कौरिसमाकीचे पिक्चर फेस्टिव्हलला बघून ज्यांना जुन्या फिनिश गाण्यांची चटक लागलीय त्यांनी मात्र सरळ या जुन्या पिक्चरांकडे जावं. हेलसिंकीत येणार असाल तर ओओदी लायब्ररीत किनो रेगिना आहे, फिल्म अर्काइव्हचं थिएटर, तिथं जुने पिक्चर मोठ्या पडद्यावर लागतात. येले आरेना म्हणजे इथल्या सरकारी टीव्हीची ऑनलाइन सेवा, भारतातून तिच्यावरचे पिक्चर बरेचदा उघडत नाहीत, त्यामुळे गाण्यांपासून सुरू करा. आधी ‘सिनिनेन उनी’, मग वाटसरू आणि मांजर, मग बाकीची. आणि शोधताना पूर्ण नाव टाका, तापियो राउतावारा, नुसतं आडनाव टाकलंत तर एइनोयुहानी राउतावारा येईल, तो शास्त्रीय संगीतातला वेगळा माणूस, ज्यानं उत्तरेतल्या पक्ष्यांच्या रेकॉर्ड केलेल्या आवाजांबरोबर ऑर्केस्ट्रा वाजवलाय. तोही ऐकाच, पण त्याच्याबद्दल मला अजून कोणी काही विचारलेलं नाही.